खिशाएवढा इतिहास

किमोनोला खिसा नसतो. एवढ्या एका अडचणीतून जपानी कारागिरांनी अख्खी शिल्पकला उभी केली. तंबाखूची पिशवी, औषधांची डबी, शिक्क्याचा बटवा असल्या वस्तू ते दोरीला बांधत, दोरी कमरपट्ट्याखालून ओवून वर काढत आणि तिच्या वरच्या टोकाला एक छोटा गट्टू अडकवत. मग पिशवी कितीही ओढली गेली तरी निसटत नसे. आपल्याकडे धोतरवाल्यांनी पैसे कनवटीला लावले, पानतंबाखू चंचीत ठेवली आणि प्रश्न मिटवला. जपान्यांनी मात्र तो गट्टूच कोरायला घेतला. त्याचं नाव नेत्सुके.

नेत्सुके जेमतेम तीन-चार सेंटिमीटरचं, सहज मुठीत मावणारं. हस्तिदंताचं किंवा टणक लाकडाचं. एवढ्याशा जागेत कुणी वाघ कोरला, कुणी एकमेकांत गुंतलेले उंदीर, तर कुणी अति पिकून सुरकुतलेलं फळ. कारागिराला अटी मात्र कडक. अणकुचीदार टोक बाहेर आलेलं चालत नाही, कारण ते बाहीत अडकतं. नाजूक कान किंवा शेपूट सुटी ठेवता येत नाही, ती मोडते. म्हणून प्राणी अंग मुडपून बसतात आणि शेपट्या अंगाभोवती वळतात. दोरी ओवायला भोकं हवीत, पण ती डोळ्यांत खुपता कामा नयेत. मग ती पोटाखाली किंवा पायांमधल्या नैसर्गिक फटीत लपवायची. कमरेवर ही वस्तू कशीही फिरते, तेव्हा तळाची बाजूही कोरायला हवी. आणि हातात घेतली की ती लवकरच ऊबदार लागते. वर्षानुवर्षं बोटं फिरून तिच्या कडा गुळगुळीत होतात.

1868 मध्ये जपानात मेइजी राजवट सुरू झाली, देश पाश्चात्त्य वळणावर निघाला, लोक कोट-पँट घालू लागले. कोटाला खिसे असतात. बघता बघता नेत्सुके बेकार झालं आणि विदेशी व्यापाऱ्यांच्या पेट्यांतून पॅरिसला पोचलं. पॅरिसला तेव्हा जपानचं वेड लागलं होतं.

या वेडात सापडलेला एक तरुण म्हणजे शार्ल एफ्रुसी. कुटुंब मूळचं ओडेसाचं. गव्हाच्या व्यापारात अफाट पैसा मिळवून त्यांनी पॅरिस आणि व्हिएन्नात बँका काढल्या. शार्लचा जीव मात्र चित्रांत. 1880 मध्ये त्याने माने या चित्रकाराकडून शतावरीच्या जुडीचं चित्र घेतलं. किंमत ठरली होती 800 फ्रँक, शार्लने पाठवले 1,000. मानेने मग शतावरीच्या एकाच कोंबाचं छोटं चित्र काढून पाठवलं आणि सोबत कळवलं, की तुमच्या जुडीतला एक राहून गेला होता. जुडी आज कोलोनच्या संग्रहालयात आहे आणि तो एकटा कोंब पॅरिसच्या ओर्से संग्रहालयात. रन्वारच्या नौकाविहाराच्या प्रसिद्ध चित्रात मागच्या बाजूला उंच काळी टोपी घालून उभा असलेला गृहस्थ म्हणजे हाच शार्ल. त्याने 264 नेत्सुके एका व्यापाऱ्याकडून एकगठ्ठा विकत घेतली.

ही हकीगत आपल्यापर्यंत आली ती ब्रिटिश कुंभार-कलावंत एडमंड डी वाल यांच्या ‘द हेअर विथ अँबर आइज’ या 2010 च्या पुस्तकातून. डी वाल एफ्रुसींच्या वंशातले. टोकियोत राहणाऱ्या इगी या आजीच्या भावाकडून ही नेत्सुके त्यांच्याकडे आली. त्यांनी ठरवलं, की घराण्याची बखर लिहायची नाही. या वस्तू कुणाच्या हातात होत्या आणि कुठल्या खोलीत, एवढंच शोधायचं. एक नेत्सुके खिशात टाकून ते पॅरिस, व्हिएन्ना, ओडेसा फिरले. संग्राहकांवरची पुस्तकं बहुधा किमती आणि खरेदी-विक्रीत अडकतात, घराण्यांचे इतिहास वंशावळीत. इथे प्रश्नच वेगळा असल्यामुळे दोन्ही जिवंत होतात.

1899 मध्ये शार्लने हा सगळा संग्रह व्हिएन्नातल्या व्हिक्टर या चुलतभावाला लग्नाचा आहेर म्हणून पाठवला. व्हिएन्नाचं घर म्हणजे रिंगस्ट्रासवरचा संगमरवरी राजवाडा. दिवाणखान्यात मोठमोठी चित्रं. नेत्सुकेंची काचेची कपाटी मात्र गेली व्हिक्टरच्या पत्नीच्या, एमीच्या, शृंगाराच्या खोलीत. संध्याकाळी एमी बाहेर जाण्यासाठी तयार होत असताना मुलं ती कपाटी उघडत आणि ससे, वाघ, उंदीर गालिच्यावर मांडून खेळत. पॅरिसमध्ये रसिकांच्या बैठकीत दाखवायची वस्तू व्हिएन्नात पोरांची खेळणी झाली.

मार्च 1938 मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळला. त्याच दिवसांत टोळकं या वाड्यात घुसलं आणि त्यांनी एक मौल्यवान मेज कठड्यावरून खाली चौकात ढकलून दिलं. मग गेस्टापो आली. एफ्रुसी ज्यू. व्हिक्टरकडून सगळ्या मालमत्तेवर पाणी सोडल्याच्या सह्या घेतल्या. चित्रं, फर्निचर, ग्रंथालय यांच्या याद्या झाल्या, वस्तू नेल्या गेल्या. एमी त्याच वर्षी वारली. व्हिक्टर इंग्लंडला पोचला आणि 1945 मध्ये तिथेच गेला.

कुटुंबात सांगितली जाणारी पुढची गोष्ट अशी. एमीची मोलकरीण आना हिला वाड्यातच ठेवून आवराआवरीच्या कामाला जुंपलं होतं. ती त्या खोलीतून जाता-येता एकदोन नेत्सुके एप्रनच्या खिशात टाके आणि रात्री आपल्या गादीत लपवे. मोठमोठ्या चित्रांवर नजर असलेल्या लोकांना ही खेळणी दिसलीच नाहीत. डिसेंबर 1945 मध्ये एमीची मुलगी एलिझाबेथ व्हिएन्नाला परतली, तेव्हा आनाने तिच्या हाती 264 च्या 264 वस्तू ठेवल्या. खिसा नव्हता म्हणून जन्मलेलं, खिसे आले म्हणून परदेशी गेलेलं नेत्सुके शेवटी वाचलं ते एका मोलकरणीच्या खिशामुळे!

एलिझाबेथचा भाऊ इगी याला 1947 मध्ये एका धान्यकंपनीत नोकरी मिळत होती. जायचं कुठे, काँगोला की जपानला? बहिणीच्या घरी ही नेत्सुके पाहून त्याने जपान निवडलं. ओडेसाच्या गव्हावर उभ्या राहिलेल्या घराण्याचा हा वंशज धान्याच्याच नोकरीवर टोकियोला गेला आणि नेत्सुके मायदेशी परतली. इगी 1994 मध्ये वारला आणि संग्रह इंग्लंडला आला. 2018 मध्ये डी वाल कुटुंबाने त्यातली 79 नेत्सुके लिलावात विकून पैसा निर्वासितांसाठी काम करणाऱ्या संस्थेला दिला आणि 157 व्हिएन्नाच्या ज्यू संग्रहालयाला दीर्घ मुदतीसाठी दिली.

हिटलरने गिळलेल्या त्याच व्हिएन्नातून 1938 च्या सुमाराला काही माणसं मुंबई बंदरात उतरली. चित्रकार वॉल्टर लँगहॅमर आपल्या ज्यू पत्नीसह आले आणि ‘टाइम्स ऑफ इंडिया’चे कलासंचालक झाले. इमॅन्युएल श्लेसिंगर यांनी इथे व्यवसाय उभारला आणि हुसेन, रझा यांच्यासारख्यांची चित्रं ती मंडळी होतकरू असताना घेतली. आपल्या आधुनिक चित्रकलेच्या सुरुवातीच्या आश्रयदात्यांत हे निर्वासित होते. संग्रह मागे राहिले, तरी संग्रह करणारा डोळा माणसाबरोबर बोटीत चढला.

पुस्तक मिटल्यावर एक गोष्ट सलत राहते. शार्लचं चरित्र मिळतं, त्याची पत्रं मिळतात, त्याचा चेहरा रन्वारच्या चित्रात सापडतो. व्हिक्टरच्या सह्यासुद्धा दफ्तरात आहेत. पण ज्या बाईमुळे हा संग्रह उरला तिचं आडनाव डी वालना शोधूनही मिळालं नाही. ते विचारायचं कुणाला सुचलंच नव्हतं.

आपल्याकडे कुलवृत्तांतांची परंपरा मोठी आहे. पिढ्या, गोत्र, मूळ गाव, कोण कुठे नोकरीला, हे सगळं त्यात नीट छापलेलं असतं. वस्तू मात्र त्यात नसतात, आणि ज्यांनी त्या सांभाळल्या ती माणसंही नसतात. तेव्हा घरातला एखादा जुना अडकित्ता, समई किंवा पानपुडा काढा आणि सोबत एक कागद ठेवा. वस्तू कुणी आणली, कुठून आणली, कुणाकडून कुणाकडे गेली आणि वाईट दिवसांत ती कुणी जपली, एवढं त्यावर लिहा. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आडनावासकट लिहा.