२४० ठिपक्यांची ओळ

अनुवादाची चर्चा निघाली की आपण प्रतिशब्दांवर वाद घालतो. ओळीला जागा किती, हे कुणी विचारत नाही. 'मदर ३' या जपानी खेळाच्या अनुवादकांना मात्र सुरुवात तिथूनच करावी लागली. गेम बॉय ॲडव्हान्स या हातात मावणाऱ्या यंत्राचा पडदा २४० बाय १६० ठिपक्यांचा. जपानी अक्षरं चौकटीच्या वहीत लिहावीत तशी सारख्या रुंदीची. त्याच चौकटींत इंग्रजी 'आय' एकटा पडतो, 'डब्ल्यू'ची घुसमट होते. प्रत्येक अक्षराला त्याच्यापुरती रुंदी द्यायची तर खेळाचं पोटच उघडावं लागतं. मूळ आज्ञावली हाती नाही, निन्टेन्डो कंपनीची मदत नाही. यंत्रभाषा वाचत वाचत तिच्यात नव्या आज्ञा बसवायच्या.

हा खेळ लिहिला शिगेसातो इतोई यांनी. पेशानं जाहिरातलेखक, 'माय नेबर टोटोरो'तल्या वडिलांचा आवाज त्यांचाच. त्यांचा पहिला 'मदर' १९८९चा, दुसरा १९९४चा. दुसरा 'अर्थबाउंड' नावानं १९९५मध्ये अमेरिकेत पोचला. तिसऱ्याचं मोठ्या यंत्रासाठी चाललेलं काम २०००मध्ये थांबलं, आणि २० एप्रिल २००६ला तो या छोट्या यंत्रावर आला, फक्त जपानमध्ये. नोव्हेंबरात क्लाइड मँडेलिन आणि डझनभर चाहते कामाला लागले. मँडेलिन व्यावसायिक अनुवादक. हे काम मात्र विनामोबदला, रात्री जागून.

त्यांनी केलेलं एक नामकरण मला फार आवडतं. खेळातल्या ताझमिली गावात पैसा म्हणजे काय हे कुणाला ठाऊक नाही. तिथे एक फेरीवाला येतो आणि सुखाची पेटी गावाच्या गळ्यात मारतो. जपानीत त्याचं नाव योकुबा. त्यात हावरटपणाचा शब्द लपलेला. इंग्रजीत तो झाला 'फसाद'. इंग्रजी कानाला त्यात मुखवट्याचा भास होतो, अरबीत अर्थ भ्रष्टता. 'दंगाफसाद' म्हणणाऱ्या मराठी माणसाला तर काही समजावून सांगायलाच नको.

नावापेक्षा अवघड असते ती वाक्यातली वाट. ताझमिलीतल्या फ्लिंटला शेजारी सांगतो की एक बातमी चांगली आहे, एक वाईट. चांगली ही की जबरदस्त शस्त्र होईल असा एक दात सापडलाय. वाईट ही, की तो फ्लिंटच्या बायकोच्या, हिनावाच्या, काळजात रुतलेला होता. खेळात मजकूर एकेक अक्षर उमटत जातो, म्हणून कुठला शब्द आधी आणि कुठला शेवटी यावर सगळं अवलंबून. जपानी क्रियापद आपल्यासारखंच शेवटी येतं. तोवर श्वास रोखून धरता येतो. इंग्रजीत ते कर्त्यामागोमाग हजर होतं, आणि तो विलंब दुसऱ्या कशानं तरी घडवावा लागतो. माझ्या मते हा प्रसंग मराठीत अधिक सहज उतरला असता.

१७ ऑक्टोबर २००८ला काम खुलं झालं, 'पॅच' म्हणून. त्यात खेळ नसतो, फक्त बदल असतात. मूळ प्रत ज्याची त्यानं आणायची. पहिल्या आठवड्यातच तो लाखाहून अधिक वेळा उतरवला गेला. कंपनीला अधिकृत इंग्रजी आवृत्ती काढायची असेल, तर आपला सारा अनुवाद फुकट घ्यावा, असंही मँडेलिन यांनी जाहीरपणे सांगितलं होतं.

फेब्रुवारी २०२४मध्ये निन्टेन्डोनं 'मदर ३' आपल्या स्विच या यंत्रावर आणला. जपानमध्ये, जपानीतच.