सॉरी, पण कशाबद्दल?

उठता-बसता ‘सॉरी’ म्हणणाऱ्यांत आत्मविश्वास नाही, असा निवाडा ऑफिसात चटकन होतो. त्यात बाई असेल तर जरा जास्तच चटकन. करीना शुमान आणि मायकेल रॉस या कॅनडातल्या संशोधकांनी २०१० साली प्रसिद्ध केलेला अभ्यास मात्र वेगळं सांगतो. स्त्रियांनी माफी जास्त वेळा मागितली हे खरं, पण आपलं चुकलं असं त्यांना मुळात वाटलंही जास्त वेळा. एकदा चूक वाटली की माफी मागण्याचं प्रमाण स्त्री-पुरुषांत सारखंच. म्हणजे फरक धिटाईत कमी आणि चूक कशाला म्हणायचं यात जास्त. सवय सोडायची तर सुरुवात तिथून हवी.

मग हा शब्दच हद्दपार करावा? तसंही नाही. अमेरिकेतल्या एका प्रयोगात पावसाळी दिवशी स्टेशनवर अनोळखी लोकांकडे मोबाइल मागितला गेला. नुसता मागितला तेव्हा ९ टक्क्यांनी दिला; आधी ‘पावसाबद्दल सॉरी’ म्हटलं तेव्हा ४७ टक्क्यांनी. मग सवय मोडायचीच कशाला, असं कुणी विचारेल. पण तिथे उपकार मागायचा होता, तोही एकदाच. ऑफिसात चूक दाखवणं हा उपकार मागणं नव्हे, ते कामच आहे. ‘सॉरी हं, कदाचित माझंच चुकत असेल, पण मार्चच्या तक्त्यात वाहतूक खर्च दोनदा धरलाय का?’ यातला खर्च येईपर्यंत ऐकणाऱ्याचं लक्ष उडालेलं असतं.

सॉरी काढलं तर बोलणं उद्धट होईल, ही भीती मराठीत तरी फोल आहे. आपलं आर्जव क्रियापदातच असतं: ‘वाहतूक खर्च दोनदा धरलाय, तेवढं बघाल का?’ यात काय कमी पडलं? खरी चूक झाली असेल तेव्हा मात्र ‘चुकलं माझं’ म्हणावंच, आणि एकदाच.

राहिला ‘२१ दिवसांत सवय बदलते’ हा मंत्र. त्याचं मूळ मॅक्सवेल मॉल्ट्झ या प्लास्टिक सर्जनच्या १९६० सालच्या पुस्तकात आहे. नव्या चेहऱ्याला रुग्ण किती दिवसांत सरावतात, याचा तो अंदाज होता. लंडनमध्ये ९६ जणांवर झालेल्या अभ्यासात नवी सवय अंगवळणी पडायला कुणाला १८, तर कुणाला २५४ दिवस असा हिशेब निघाला. जुनी सवय सुटायला किती, हा प्रश्न त्यात नव्हताच. किती दिवस लागतील ते लागोत, मेलपासून सुरुवात सोपी. तोंडातून गेलेलं सॉरी परत घेता येत नाही, मेलमधलं पाठवण्याआधी खोडता येतं.