रानातलं घर

मे १९८७. कान महोत्सवाचा शेवटचा दिवस. 'सैतानाच्या सूर्याखाली' या चित्रपटासाठी पाम द'ओर हा तिथला सर्वोच्च पुरस्कार घ्यायला फ्रेंच दिग्दर्शक मॉरिस पियाला मंचावर आला, तेव्हा टाळ्यांच्या जोडीला शिट्ट्या आणि हुर्योही होती. एकवीस वर्षांनी हा मान फ्रान्सकडे येत होता, तरी घरचेच लोक चिडलेले. पियालाने मूठ उगारली आणि तुम्हाला मी आवडत नसेन तर मलाही तुम्ही आवडत नाही, असं तोंडावर सुनावलं. आजही त्याचं नाव निघालं की आधी ही मूठच आठवते. तापट, भांडकुदळ, नटांना जेरीस आणणारा. यात खोटं काही नाही. पण त्याच्यातला सबुरीचा माणूस बघायचा तर कान सोडून १९७१च्या एका टीव्ही मालिकेकडे जावं लागतं.

१९२५ साली ओव्हेर्न्य भागात जन्मलेल्या पियालाला व्हायचं होतं चित्रकार. ते जमलं नाही. पोटासाठी टाइपरायटर विकले, हौशी लघुपट केले. त्याच्याहून सात वर्षांनी लहान असलेला, फ्रेंच सिनेमातल्या 'नव्या लाटे'चा दिग्दर्शक त्रुफो १९५९मध्ये नावारूपाला आला. पियालाचा पहिला मोठा चित्रपट, 'उघडं बालपण', १९६८चा. वय त्रेचाळीस! त्याच्या निर्मितीला हातभार लावणाऱ्यांत त्रुफोच होता, तरी नव्या लाटेवरचा पियालाचा राग काही गेला नाही. एका घरातून दुसऱ्या घरी पाठवल्या जाणाऱ्या मुलाची ही गोष्ट. त्याला सांभाळणारं म्हातारं जोडपं नट नव्हतं. प्रत्यक्षातही ते अशी मुलं सांभाळत असे. समीक्षकांनी वाखाणला, पण तिकीटबारीवर चित्रपट पडला.

मग आली ती टीव्ही मालिका, 'ला मेझों दे ब्वा', म्हणजे रानातलं घर. पहिल्या महायुद्धाचा काळ. बाप आघाडीवर गेलेली पॅरिसची मुलं खेड्यात, एका वनरक्षकाच्या घरी राहतात. भाग सात, प्रत्येक साधारण तासाभराचा. शीर्षकांवर संगीतकार राव्हेलचं समूहगान. आणि गावच्या शाळेतला मास्तर? खुद्द पियाला.

या मालिकेत घडतं तरी काय? नदीकाठी सहल निघते. मंडळी जेवतात, लोळतात, पोरं पाण्याशी खेळतात. चित्रपट असता तर दोन मिनिटांत उरकलं असतं; इथे दिवस कलेपर्यंत कॅमेरा हलत नाही म्हणा ना. युद्ध फारसं दिसत नाही. वनरक्षकाचा तरणा मुलगा भरती होतो आणि परत येत नाही, तेव्हा ते त्या स्वयंपाकघरात शिरतं. तोवर त्या घराची आपल्याला इतकी सवय झालेली असते की टेबलापाशी बसलेली त्याची आई बघवत नाही. ही सवय लावायला वेळ लागतो आणि तो टीव्हीने दिला. आपल्या साऱ्या कामात ही मालिकाच पियालाला जवळची वाटे, याचं म्हणून नवल नाही.

पुढे 'आपल्या प्रेमांना'ने (१९८३) सेझार पुरस्कार मिळवला. त्यात बाप झालाय पियाला स्वतः. घर सोडून गेलेला हा बाप भर जेवणावळीत अवचित परततो आणि एकेकाची हजेरी घेतो. तो आत येणार याची टेबलाभोवतीच्या नटांना कल्पना नव्हती. त्यांचे चेहरे बघा, दचकणं खरं आहे. १९९१च्या 'व्हॅन गॉग'मध्ये त्या चित्रकाराने स्वतःचा कान कापण्याचा प्रसंगच नाही. चित्रकार व्हायचं राहून गेलेल्या पियालाला त्या तमाशात रस नव्हता.

शेवटचा चित्रपट १९९५चा, 'ल गार्स्यू'. बाप जेरार देपार्द्यू, आणि लहानग्याच्या भूमिकेत पियालाचाच चार वर्षांचा मुलगा. बाप येतो, खेळणी आणतो, निघून जातो. पोरगं खेळत राहतं.