शिक्षकाची नियुक्ती रद्द होणे (महाराष्ट्र)

शिक्षकाची नियुक्ती रद्द होणे म्हणजे विहित शैक्षणिक किंवा व्यावसायिक अर्हता नसल्यामुळे, अथवा खोट्या प्रमाणपत्राच्या आधारे मिळालेली असल्यामुळे, शिक्षकाची नेमणूक किंवा तिची मान्यता सक्षम प्राधिकाऱ्याने काढून घेणे होय. गैरवर्तनाबद्दल होणारी बडतर्फी याहून वेगळी आहे. तिथे आक्षेप वर्तनावर असतो, इथे तो नेमणुकीच्या पायावरच असतो.

नियुक्ती कोण करते

जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळांत नियुक्ती जिल्हा परिषद करते. महाड तालुक्यातील दासगावसारख्या गावांच्या बाबतीत हे काम अलिबाग येथील रायगड जिल्हा परिषदेकडे येते. खाजगी अनुदानित शाळेत नेमणूक संस्थेचे व्यवस्थापन करते आणि शिक्षणाधिकारी तिला वैयक्तिक मान्यता देतात. ही मान्यता वेतन अनुदानासाठी आवश्यक असते. मात्र मान्यता नाही एवढ्याच कारणाने नेमणूक अवैध ठरत नाही, असा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट उलाई हायस्कूल प्रकरणात दिला.

अर्हतेचे नियम

बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम, २००९ हा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याच्या कलम २३ नुसार राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी पहिली ते आठवीच्या शिक्षकांसाठी किमान अर्हता ठरवली. त्यात अध्यापन पदविका किंवा पदवीबरोबर शिक्षक पात्रता परीक्षा (टीईटी) अनिवार्य झाली. परीक्षा १५० गुणांची असून खुल्या प्रवर्गासाठी ६० टक्के गुण आवश्यक असतात. महाराष्ट्रात ती २०१३ पासून घेतली जाते.

अनियमित आणि अवैध

सर्वोच्च न्यायालयाच्या उमादेवी (२००६) आणि केसरी (२०१०) या निकालांतून एक महत्त्वाचा भेद स्पष्ट झाला. मंजूर पदावर अर्हताधारक व्यक्ती नेमली, पण निवडप्रक्रियेत त्रुटी राहिली, तर नेमणूक 'अनियमित' असते व काही परिस्थितीत ती नियमित करता येते. किमान अर्हताच नसेल तर नेमणूक 'अवैध' ठरते. दीर्घ सेवेने वा चांगल्या निकालांनी तो दोष भरून निघत नाही.

टीईटी गैरव्यवहार

१९ जानेवारी २०२० रोजी झालेल्या टीईटीच्या निकालात पैसे घेऊन गुण वाढवल्याचे पुणे पोलिसांच्या तपासात डिसेंबर २०२१ मध्ये उघड झाले. ऑगस्ट २०२२ मध्ये महाराष्ट्र राज्य परीक्षा परिषदेने ७,८७४ उमेदवारांची संपादणूक रद्द करून त्यांना पुढील परीक्षांस प्रतिबंध केला. यांपैकी जे सेवेत होते, त्यांच्या नेमणुकीचा आधारच त्यामुळे नाहीसा झाला. वेतन थांबवण्याच्या कारवाईविरुद्ध अनेकांनी उच्च न्यायालयात दाद मागितली.

कार्यपद्धती व दाद

नियुक्ती रद्द करण्यापूर्वी कारणे दाखवा नोटीस देणे, कागदपत्रे दाखवणे आणि म्हणणे ऐकून घेणे ही नैसर्गिक न्यायाची अपेक्षा आहे. प्रमाणपत्राची पडताळणी ते देणाऱ्या मंडळाकडून किंवा विद्यापीठाकडून केली जाते. खाजगी शाळेतील सेवा समाप्त झाल्यास, महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ च्या कलम ९ नुसार ३० दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. न्यायाधिकरण पुनःस्थापनेचा व थकीत वेतनाचा आदेश देऊ शकते.

२०२५ चा निकाल

महाराष्ट्रातूनही अपिले गेलेल्या अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी निकाल दिला. त्यानुसार निवृत्तीस ५ वर्षांहून अधिक काळ असलेल्या सेवारत शिक्षकांनाही २ वर्षांत टीईटी उत्तीर्ण होणे बंधनकारक झाले. त्याहून कमी सेवा उरलेल्यांना सेवेत राहता येते, परंतु टीईटीशिवाय पदोन्नती मिळत नाही. अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे विचारार्थ पाठवण्यात आला.

शाळेवरील परिणाम

शिक्षणहक्क कायद्याच्या अनुसूचीनुसार पहिली ते पाचवीच्या ६० पर्यंत पटाच्या शाळेस २ शिक्षक असतात. अशा शाळेतील एका शिक्षकाची नियुक्ती रद्द झाली, तर निम्मे मनुष्यबळ जाते आणि उरलेल्या एकट्या शिक्षकाला सर्व वर्ग सांभाळावे लागतात. दुसरीकडे, अपात्र व्यक्ती पदावर राहिली तर मुलांचे नुकसान होतेच, शिवाय पात्र उमेदवाराची जागाही अडते. म्हणून पडताळणी नियुक्तीपूर्वी होणे विद्यार्थी आणि शिक्षक या दोघांच्याही हिताचे ठरते.