चांगदेव : एका नावाची कुळकथा

त्रिविक्रम, भास्करभट्ट, गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, भास्कर, लक्ष्मीधर, चांगदेव.

चाळीसगावजवळच्या पाटण इथल्या शिलालेखात ही नऊ पिढ्यांची वंशावळ कोरलेली आहे. सातवे नाव आपल्या ओळखीचे आहे. 'लीलावती' आणि 'सिद्धांतशिरोमणी' लिहिणारे, १११४ साली जन्मलेले भास्कराचार्य ते हेच. पहिली आठही नावे कोणत्याही संस्कृत प्रशस्तीत शोभावीत अशी, घोटीव आणि भारदस्त. नववे नाव मात्र या माळेतले वाटत नाही. ज्या घरात पिढ्यान् पिढ्या संस्कृतात ग्रहगणित चालले, त्या घरातल्या नातवाला हाक मारली जात होती ती शेतातल्या, बाजारातल्या, बायकांच्या तोंडच्या भाषेत. चांगा. त्याला आदराचा 'देव' लागला आणि तो चांगदेव झाला.

आजच्या मराठी माणसाला चांगदेव म्हटले की एकच चित्र दिसते. वाघावर बसलेला, हातात सापाचा चाबूक घेतलेला, चौदाशे वर्षे जगलेला योगी, आणि समोर भिंतीवर बसून येणारी ज्ञानेश्वरादी चार भावंडे. या एका चित्राने बाकीचे सगळे चांगदेव झाकून टाकले. खरे तर बाराव्या-तेराव्या शतकांतल्या महाराष्ट्रात या नावाची किमान तीन मोठी माणसे होऊन गेली. एक ज्योतिषी, एक अवलिया, एक योगी. पुढे कवी, शेतकरी, चरित्रकार यांनीही ते नाव वागवले. आज ते बारशाच्या यादीतून जवळजवळ गेलेले आहे.

आधी अर्थ पाहू. प्राकृतात 'चंग' म्हणजे सुंदर, छान. बाराव्या शतकात गुजरातेत हेमचंद्राने देशी शब्दांचा जो कोश केला, त्यात हा शब्द आहे. संस्कृत धातूंवरून ज्यांची व्युत्पत्ती लावता येत नाही असे शब्द त्याने त्यात वेगळे काढले होते. म्हणजे त्या काळच्या मोठ्या वैयाकरणालाही 'चंग' हा लोकांचाच शब्द वाटत होता. पंजाबीत तो 'चंगा' म्हणून रोजच्या वापरात आहे, हिंदीत 'भला-चंगा' या जोडीत आहे. मराठीत तो 'चांग' झाला, ज्ञानेश्वरीच्या काळात स्वतंत्रपणे वावरला आणि पुढे 'ला' हा प्रत्यय घेऊन 'चांगला' झाला. मूळ रूप आपण बोलण्यातून घालवले, पण एका ठिकाणी ते जसेच्या तसे राहिले आहे. चैत्रात जोतिबाच्या डोंगरावर गुलाल उधळत लाखो माणसे 'चांगभलं' म्हणतात, त्या गजरातला पहिला शब्द हाच.

तेव्हा चांगा म्हणजे चांगला, गोमटा. अशी नावे त्या काळात एकटीदुकटी नव्हती. मंगळवेढ्याचा चोखा आठवा. चोखा म्हणजे निर्भेळ, शुद्ध. त्याच्या बहिणीचे नाव निर्मळा, तिच्या नवऱ्याचे बंका. गुणवाचक साधा शब्द उचलायचा आणि तेच मुलाचे नाव ठेवायचे, ही रीत होती. मला यात सगळ्यात मोलाची वाटते ती गोष्ट अशी की ही रीत जातीच्या भिंती ओलांडून चालत होती. यादवांच्या राजज्योतिषाच्या घरात चांगा, वेशीबाहेर राहायला लावलेल्या घरात चोखा. दोन्ही नावे एकाच भाषेच्या एकाच कोपऱ्यातून आलेली. समाजाने या दोन घरांना एका पंगतीला कधी बसू दिले नाही, पण पाळण्यातल्या बाळाकडे पाहून दोन्ही घरांतल्या आयांना सुचले ते सारखेच.

आता पाटणचा चांगदेव. त्याचे आजोबा भास्कराचार्य. वडील लक्ष्मीधर यांना यादव राजा जैत्रपाल याने पाटणहून आपल्या दरबारी नेले. चांगदेव स्वतः जैत्रपालाचा मुलगा सिंघण याचा मुख्य ज्योतिषी झाला. सिंघणाचा काळ म्हणजे देवगिरीच्या वैभवाचा काळ. शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला तो याच राजाच्या आश्रयाने. अशा दरबारात मानाची जागा मिळाल्यावर चांगदेवाने जे केले ते आपल्या इतिहासात विरळा आहे. त्याने आजोबांच्या ग्रंथांचे अध्ययन चालू राहावे म्हणून पाटणला मठ स्थापला. 'सिद्धांतशिरोमणी' आणि घराण्यातल्या विद्वानांचे इतर ग्रंथ तिथे शिकवले जावेत, अशी योजना होती. देवळे बांधणारे पुष्कळ झाले. पण गणित आणि खगोल शिकवण्यासाठी मठ काढणारा हा माणूस आपल्या शाळेच्या पुस्तकांत दोन ओळींचाही धनी झालेला नाही, याची मला मनापासून खंत वाटते.

त्या भागात यादवांचे मांडलिक असलेल्या निकुंभ घराण्याची सत्ता होती. त्यातल्या सोइदेवाने या मठाला दान दिले. लेखात शके ११२८ असे साल आहे, श्रावणी पौर्णिमेच्या चंद्रग्रहणाचा उल्लेख आहे, आणि अभ्यासकांनी त्यावरून ९ ऑगस्ट १२०७ ही तारीख काढली आहे. ग्रहगणिताच्या मठाला ग्रहणाच्या दिवशी दान, हा योगही सुंदर.

हा लेख एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. त्याचा मोठा भाग संस्कृतात आहे. घराण्याची थोरवी, राजांची नावे, भास्कराचार्यांची स्तुती सगळे श्लोकांत. पण जिथे व्यवहार येतो तिथे दगडावरची भाषा बदलते आणि मराठी सुरू होते. पाटणच्या बाजारात जो माल उघडला जाईल त्यावरचे राजाचे येणे मठाला दिले. गिऱ्हाइकाकडून पाच पोफळी. जेवढे तेलाचे घाणे चालतील तेवढ्या प्रत्येक घाण्यामागे पळी पळी तेल. बाजारात जे मोजायचे ते मठाच्या मापाने मोजायचे. ग्रहांच्या गती शिकणाऱ्या विद्यार्थ्यांच्या दिव्यात घाणेवाल्याचे तेल जळावे, अशी ही तजवीज. घाणेवाल्याला, वाण्याला, माप घालणाऱ्याला हे कळायला हवे होते, म्हणून ते त्यांच्या बोलीत. मराठीतल्या जुन्या शिलालेखांत या ओळींना मोठा मान आहे. मला तर त्या दगडाची घडण आणि त्या वंशावळीची घडण एकच दिसते. वर संस्कृत चालत येते आणि शेवटी मराठी लागते.

दुसरा चांगदेव फलटणचा. महानुभाव पंथात ज्या पाच कृष्णावतारांना मानतात, त्यांत श्रीकृष्ण आणि दत्तात्रेय यांच्यानंतर येतात ते श्रीचक्रपाणि, म्हणजेच चांगदेव राऊळ. पंथाच्या आठवणीप्रमाणे ते फलटणला जन्मले, माहूरला दत्तात्रेयांकडून शक्ती स्वीकारली आणि द्वारावतीला जाऊन राहिले. एका हातात सूप, एका हातात खराटा. गल्ल्या झाडायच्या, केर सुपात भरायचा आणि गोमतीत टाकायचा. ज्याच्या डोक्यावर सूप किंवा खराटा मारला त्याला ज्ञान झाले, असे सांगतात. ऋद्धिपूरच्या गोविंदप्रभूंना ज्ञानशक्ती मिळाली ती त्यांच्याकडून, आणि चक्रधरस्वामी हा त्यांचाच पुढचा अवतार, अशी श्रद्धा आहे. म्हणजे 'लीळाचरित्र' ज्या परंपरेतून आले, मराठी गद्याचा पाया ज्या परंपरेने घातला, तिच्या मुळाशीही एक चांगदेवच उभा आहे. तोही झाडूवाला चांगदेव. त्या काळातल्या उच्च वर्णाच्या माणसाने रस्ता झाडण्याचे काम उपासना म्हणून करावे, ही गोष्ट आपण जेवढी मोठ्याने सांगायला हवी तेवढी सांगत नाही.

तिसरा चांगदेव वटेश्वर. तापी आणि पूर्णा यांच्या संगमाजवळ, मुक्ताईनगर तालुक्यात, त्याच्याच नावाचे गाव आहे आणि दगडी बांधणीचे जुने देऊळ आहे. महाशिवरात्रीला तिथे आणि मुक्ताईच्या मेहूण-कोथळीला मोठी यात्रा भरते. त्याची समाधी मात्र गोदाकाठी पुणतांब्याला. चौदाशे वर्षांच्या आयुष्याची कथा सगळ्यांना ठाऊक आहे. तिचा उलगडा असाही करतात की वटेश्वराच्या गादीवर बसणाऱ्या प्रत्येकाला चांगदेव म्हणत असावेत आणि लोकांनी त्या सगळ्यांची वये एकाच्या नावावर जमा केली असावीत. मला हा तर्क पटण्यासारखा वाटतो. नाथपंथी आणि शैव मठांत गुरूचे नाव शिष्याने चालवणे हे काही नवे नव्हते.

पण या चांगदेवावर अन्याय झाला तो वयाने नव्हे, कथेने झाला. ज्ञानेश्वरांची कीर्ती ऐकून त्याने पत्र लिहायला घेतले. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावेत की ज्ञानाने मोठे म्हणून नमस्कार, हे ठरेना, म्हणून कोरा कागद पाठवला. मग वाघ, साप, भिंत, गर्वहरण. कीर्तनकारांनी हा प्रसंग शतकानुशतके रंगवला, आळंदीला ती भिंत आजही दाखवतात, आणि चांगदेव म्हणजे खोड मोडलेला अहंकारी म्हातारा हे पक्के झाले. आता निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानेश्वरांनी त्या कोऱ्या कागदाला जे उत्तर लिहिले ते 'चांगदेव पासष्टी' शांतपणे वाचा. पासष्ट ओव्यांत कुठेही टोमणा नाही, उपदेशाचा आवेश नाही. ज्ञानेश्वर त्याला आपल्या बरोबरीला बसवतात. एकमेकांसमोर ठेवलेल्या दोन आरशांची प्रतिमा योजून, तू आणि मी असा भेदच उरत नाही, असे सांगतात. कोऱ्या कागदाचा अर्थ त्यांनी अज्ञान असा लावला नाही. शब्दांच्या पलीकडच्या गोष्टीला शब्दांच्या पलीकडचे पत्र, असा तो घेतला असावा, असे त्या ओव्या वाचताना सतत जाणवते. वाघ आणि भिंत लोकांनी घातली. ज्ञानेश्वरांच्या लेखी हा माणूस मित्र आहे. निवाडा द्यायचाच तर मी ओव्यांच्या बाजूने देईन. याच चांगदेवाने पुढे कोवळ्या वयाच्या मुक्ताबाईला गुरू केले, अशी परंपरा आहे. योगमार्गातल्या बुजुर्गाने लहान मुलीपुढे शिष्य म्हणून बसावे, याला गर्वहरण म्हणणे थिटे पडते. वटेश्वराच्या या परंपरेचा 'तत्त्वसार' हा ग्रंथही चांगा वटेश्वर याच नावावर आहे.

इथे एक गोष्ट थोडी थांबून पाहावी अशी आहे. त्या आरशांच्या ओवीत ज्ञानेश्वर चांगदेवाचा उल्लेख 'चक्रपाणि' असा करतात. फलटणच्या चांगदेव राऊळांचे दुसरे नावही चक्रपाणिच. दोन वेगळ्या पंथांत, दोन वेगळ्या व्यक्तींच्या बाबतीत हीच जोडी यावी हा योगायोग मला वाटत नाही. कृष्णाचा कान्हा आणि विठ्ठलाचा विठू होतो तसे चक्रपाणि हे भारदस्त नाव घरात 'चांगा' होत असावे. पोथीत चक्रपाणि, ओसरीवर चांगा. पुढे ओसरीवरचे नाव जास्त गोड लागल्याने तेच देवाच्या पदवीला पोहोचले. हा माझा अंदाज आहे, पण शब्दाचा अर्थ आणि नावाची ही जोडी एकमेकांशी भांडत नाहीत. बाळ चांगले म्हणूनही चांगा आणि चक्रपाणि म्हणूनही चांगा.

शिवभक्त श्रियाळाची पत्नी चांगुणा याच कुळातली वाटते. 'शिवलीलामृता'मुळे तिचे नाव घरोघरी गेले. पण ती कथा दक्षिणेतून आलेली आहे आणि कन्नडात ती चंगळे होते. तेव्हा चांगुणेचे नाते 'चांग'शी लावताना हात जरा आखडता घ्यावा.

यादवांचे राज्य गेले, पण नाव लगेच मेले नाही. चांगो, चांगोजी, चांगू अशी त्याची रूपे खेड्यांत राहिली. नवीन पनवेलचे चांगू काना ठाकूर महाविद्यालय हे त्याचे आजचे ठळक उदाहरण. रायगडच्या पट्ट्यात गेल्या शतकापर्यंत चांगू हे कर्त्या पुरुषाचे नाव होते, हे त्या पाटीवरून रोज हजारो मुले वाचतात. साताऱ्याकडचे चांगदेव भवानराव खैरमोडे यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे चरित्र अनेक खंडांत लिहिले. पहिला खंड १९५२ साली निघाला. बाबासाहेब हयात असताना, त्यांच्या अवतीभवतीचे कागद आणि आठवणी वेचत केलेले हे काम. आजही आंबेडकरांवर लिहिणाऱ्या कोणालाही खैरमोड्यांचा उंबरा चुकत नाही. पाटणच्या चांगदेवाने आजोबांचे ज्ञान जपण्यासाठी मठ काढला, या चांगदेवाने एका युगपुरुषाचे आयुष्य जपण्यासाठी आपले आयुष्य घातले.

आणि भालचंद्र नेमाडे. 'बिढार', 'हूल', 'जरीला' आणि 'झूल' या १९७०च्या दशकातल्या कादंबऱ्यांच्या नायकाचे नाव त्यांनी चांगदेव पाटील ठेवले. नेमाडे स्वतः खानदेशातले. ज्या मुलखात चांगदेवाचे देऊळ आहे, पाटणचा मठ होता, त्या मुलखातल्या लेखकाने आपल्या भटक्या, अस्वस्थ, गावोगावच्या कॉलेजांत नोकऱ्या बदलत फिरणाऱ्या नायकाला तिथलेच नाव दिले. शहरी मराठी कादंबरीत तेव्हा नायकांची नावे गुळगुळीत असत. चांगदेव हे नाव त्या पानांवर उमटले तेव्हा एक अख्खा प्रदेश आपल्या बोलीसकट आत आला.

तरीही बारशात ते मागे पडत गेले. गर्वहरणाच्या कथेने त्याला म्हातारे करून ठेवले हे एक कारण. दुसरे मोठे कारण असे की गेल्या शतकात शिकलेल्या घरांना आपल्या देशी नावांची लाज वाटू लागली. धोंडू, दगडू, चांगू ही नावे गावंढळ ठरली आणि त्यांच्या जागी संस्कृत, मग दोन अक्षरी, मग अर्थ शोधावा लागेल अशी नावे आली. आठशे वर्षांपूर्वी भास्कराचार्यांच्या घराला ज्याची लाज वाटली नाही, त्याची आपल्याला वाटावी हे मला पटत नाही.

म्हणून वाचकांना दोन गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. आपल्या गावच्या जुन्या सातबाऱ्यांवर आणि शाळेच्या जनरल रजिस्टरात चांगा, चांगो, चांगू सापडतात का पाहा, आणि सापडले तर त्यांच्या नातवंडांना विचारून दोन ओळी लिहून ठेवा. आणि यंदा ज्यांच्या घरी पाळणा हलणार आहे त्यांनी नावांच्या यादीत चांगदेवही धरावे. हाक मारायला चांगा पुरेल.