कुत्र्याचा खाऊ : बाजार वाढला, कायदा तोकडाच

शहापूरच्या बाजारपेठेत किंवा मुरबाडच्या नाक्यावर कुत्र्याच्या खाऊसाठी कोणी वेगळे पैसे मोजील, असे वीस-पंचवीस वर्षांपूर्वी सांगितले असते तर लोक हसले असते. आपल्याकडच्या कुत्र्याचा खाऊ म्हणजे शिळी भाकरी, भाताची खरवड आणि फार तर चहाच्या टपरीवरचे एखादे बिस्कीट. आता मात्र दुकानात कोंबडीच्या वाळवलेल्या पट्ट्या, कातड्याला गाठ मारून केलेली ‘हाडे’, दात साफ करण्याच्या कांड्या अशी पाकिटे टांगलेली दिसतात. मुंबई-ठाण्याच्या लोकांनी या दोन तालुक्यांत बंगले आणि फार्म हाऊस बांधले. त्यांच्याबरोबर जातिवंत कुत्री आली. (जात पाहण्याची खोड माणसांपुरतीच थांबलेली नाही. असो.)

हा श्रीमंतांच्या लाडाकोडाचा विषय, आपल्या अंकात कशाला, असे काही वाचकांच्या मनात येईल. पण ही पाकिटे कोणाच्या हातातून जातात ते पाहावे. बंगल्यावर राखणदारी करणारे कुटुंब आपल्या वस्तीतले असते. आसनगाव-वाशिंदहून लोकलने कल्याण-ठाण्याला घरकामाला जाणाऱ्या भगिनी मालकाच्या कुत्र्याला खाऊ घालतात. भिवंडीच्या गोदामांत खोकी भरणारी पोरे आपलीच आहेत. आणि अलीकडे बचत गटांपुढे एक नवीनच प्रस्ताव येऊ लागला आहे : ‘कोंबडीचे पाय आम्ही आणून देतो, तुम्ही वाळवा, पाकिटे भरा, घरबसल्या कमाई करा.’ एका गटातील भगिनींनी या प्रस्तावाचा कागद मला वाचायला दिला, म्हणून हा लेखनप्रपंच.

मी वाणिज्य शाखेचा, त्यामुळे आधी हिशेब पाहतो. कोंबडी कापणाऱ्या कारखान्यात छातीचे आणि तंगडीचे मांस चांगल्या भावाने जाते. मान, पाय, काळीज, हाडांना चिकटलेले मांस यांना भाव कमी. तोच माल वाळवून, रंगीत पाकिटात घालून कुत्र्याच्या नावाने विकला की त्याची किंमत कितीतरी पटींनी वाढते. हे गणित सर्वांत आधी ओळखले ते कोंबडीवाल्यांनीच. छत्तीसगडमधील राजनांदगावचा आयबी ग्रुप हा मुळात पोल्ट्रीचा धंदा. त्यांनीच ‘ड्रूल्स’ हे कुत्र्या-मांजरांचे खाद्य काढले. २०२३ साली त्यात एका परदेशी गुंतवणूकदार कंपनीने सहा कोटी डॉलर घातले आणि २०२५ साली नेस्लेने हिस्सा घेतला. गोदरेजने २०२४ साली या धंद्यात पाच वर्षांत ५०० कोटी रुपये घालणार असल्याचे जाहीर केले. २०२० च्या टाळेबंदीत शहरात घरी बसलेल्या अनेकांनी कुत्री पाळली, आणि मोबाईलवरून सामान मागवण्याची सवयही तेव्हाच लागली. मोठ्या कंपन्या मोठ्या पिशव्यांतील रोजच्या खाद्यावर उभ्या आहेत. खाऊ हा लहान पाकिटाचा, जास्त नफ्याचा माल असल्याने त्यात छोटे छोटे उत्पादकही घुसले. बचत गटापर्यंत प्रस्ताव येतो तो याच वाटेने.

या बाजाराचा दुसरा कच्चा माल म्हणजे कातडे, खूर, शिंगे आणि हाडे. कातड्याचे पापुद्रे वेगळे करतात. वरचा चांगला थर चामड्यासाठी जातो. आतला थर चुन्यात धुऊन, रसायनाने पांढरा करून, कापून, गाठी मारून वाळवतात. तेच कुत्र्याचे चघळायचे ‘हाड’. कानपूर भागात म्हशीच्या कातड्यापासून असा माल करून परदेशी पाठवणारे कारखाने आहेत.

हे वाचताना आपल्या लोकांना जुनी गोष्ट आठवल्याशिवाय राहणार नाही. मार्च १९२७ मध्ये महाडला बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचे मांस सोडायला सांगितले. मेलेली गुरे ओढणेही पुढे आपल्या समाजाने सोडले. तेव्हा वर्तमानपत्रात हिशेब छापून आले होते, की शिंगे, हाडे, कातडे मिळून तुमचे वर्षाला पाचशे रुपयांचे नुकसान होते. बाबासाहेबांनी त्यावर काय उत्तर दिले ते त्यांनी १५ ऑक्टोबर १९५६ च्या नागपूरच्या भाषणात सांगितले आहे. हा फायदा तुम्हीच घ्या, वर आणखी पाचशे मी देतो, असा त्याचा आशय. आज तीच शिंगे, तेच खूर काचेच्या कपाटात ठेवून विकले जातात, नफा मोजणारे प्रतिष्ठित उद्योजक ठरतात आणि त्यांना कोणी नावे ठेवत नाही. मात्र खाली राबणाऱ्याची गत बदललेली नाही. ११ जुलै २०१६ रोजी गुजरातमध्ये उना तालुक्यात मेलेल्या गाईचे कातडे काढणाऱ्या दलित तरुणांना गाडीला बांधून मारले, हे आपण विसरलेलो नाही. महाराष्ट्रात २०१५ पासून गाईबरोबर बैल आणि वळू यांच्या कत्तलीलाही बंदी आहे. तेव्हा ‘कातडी आणून देतो, तुम्ही फक्त कापा’ असे कोणी म्हणत असेल, तर ती कोणत्या जनावराची, कोणत्या कत्तलखान्यातली, पावती कोठे आहे, हे विचारल्याखेरीज माल दारात उतरवून घेऊ नये. पोलीस आले तर व्यापारी फोन उचलणार नाही.

आता कायद्याकडे वळतो. माणसाच्या खाण्यावर २००६ चा अन्न सुरक्षा कायदा आहे. साध्या फरसाणाच्या पाकिटावरही चौदा आकडी परवाना क्रमांक छापावा लागतो. परंतु या कायद्याच्या व्याख्येतूनच जनावरांचे खाद्य वगळले आहे. म्हणजे कुत्र्याच्या खाऊत बुरशी निघाली तरी अन्न व औषध प्रशासनाच्या इन्स्पेक्टरचा तो विषय होत नाही. भारतीय मानक ब्युरोने कुत्र्या-मांजरांच्या खाद्याचे मानक केले आहे, त्याचा क्रमांक आयएस ११९६८, आणि २०१९ साली ते सुधारूनही घेतले. पण ते ऐच्छिक आहे, पाळायचे तर पाळा. परदेशातून येणाऱ्या मांसयुक्त पाकिटाला केंद्राच्या पशुसंवर्धन खात्याचा आरोग्य परवाना लागतो. देशात, कोणाच्या गच्चीवर तयार झालेल्या पाकिटाला तसे काही लागत नाही. कर घेताना मात्र सरकारने हा माल बरोबर ओळखला होता. २०१७ साली जीएसटी आला तेव्हा गुरांच्या पेंडीवर शून्य आणि कुत्र्याच्या पाकीटबंद खाद्यावर १८ टक्के कर लावला गेला.

याउलट हाच माल युरोपात पाठवायचा तर जंतू मरतील इतकी प्रक्रिया करावी लागते, आणि प्रत्येक खेपेतून पाच नमुने काढतात. त्यांपैकी एकातही २५ ग्रॅममध्ये साल्मोनेला हा जंतू सापडता कामा नये. म्हणजे परदेशातल्या कुत्र्याची जेवढी काळजी घेतली जाते, तेवढी इथे खाऊ भरणाऱ्या बाईची घेतली जात नाही.

कुत्र्याच्या खाण्याचा माणसाशी काय संबंध, असे विचारणाऱ्यांनी २००७ सालची हकीगत जरूर लक्षात घ्यावी. त्या वर्षी मार्चमध्ये अमेरिकेत कुत्री-मांजरे मूत्रपिंड निकामी होऊन मरू लागली. तपासात निघाले, की चीनहून आलेल्या गव्हाच्या ग्लुटेनमध्ये मेलामाइन हे प्लॅस्टिक बनवण्यासाठी वापरायचे रसायन मिसळले होते. प्रथिने मोजताना त्यातील नायट्रोजन मोजतात. मेलामाइनमध्ये नायट्रोजन भरपूर, त्यामुळे निकृष्ट माल कागदावर सकस दिसतो. कुत्र्यांच्या मरणाने उघड झालेली ही लबाडी तिथेच गाडली गेली नाही. पुढच्याच वर्षी, २००८ साली, चीनमध्ये तेच मेलामाइन बाळांच्या दूधभुकटीत सापडले. सुमारे तीन लाख मुले आजारी पडली, सहा बालके गेली.

त्याच सुमारास चीनहून आलेल्या कोंबडीच्या वाळवलेल्या पट्ट्यांबद्दल अमेरिकेत तक्रारी सुरू झाल्या. २०१४ पर्यंत हजाराहून अधिक कुत्री दगावल्याचे त्या तक्रारींत नोंदले गेले. नेमके कारण शेवटपर्यंत ठामपणे सांगता आले नाही. परंतु २०१३ च्या जानेवारीत न्यूयॉर्क राज्याच्या तपासणीत या पट्ट्यांत प्रतिजैविकांचे अंश सापडले आणि मोठ्या कंपन्यांनी माल परत घेतला. २०१९ साली तर डुकराच्या वाळवलेल्या कानांमुळे ३४ राज्यांतील १५४ माणसे साल्मोनेलाने आजारी पडली. ती पडली कुत्र्याचा खाऊ हाताळून, खाऊन नव्हे.

हे दूरचे झाले. आपल्या शहापूर तालुक्यात वेहळोली येथे फेब्रुवारी २०२२ मध्ये बर्ड फ्लू निघाला. एक किलोमीटरच्या आतील सुमारे २५ हजार पक्षी मारण्याची वेळ आली. ज्यांनी पोल्ट्रीवर कर्ज काढले होते त्यांना त्या दिवसांबद्दल विचारावे. नागपूरजवळच्या गोरेवाडा बचाव केंद्रात डिसेंबर २०२४ मध्ये तीन वाघ आणि एक बिबट्या याच रोगाने मेले. त्यांना मिळालेल्या मांसातून तो आला असावा, असा संशय तेव्हा व्यक्त झाला. रोगाने मेलेली कोंबडी पुरण्याऐवजी कोणी स्वस्तात खाऊवाल्याला दिली, तर ती अडवायला आज वाटेत कोणी बसलेले नाही. पोल्ट्रीत कोलिस्टिन हे शेवटच्या फळीतले प्रतिजैविक वापरायला २०१९ पासून बंदी आहे. पण बंदी कागदावर किती आणि खुराड्यात किती, हे तपासणीशिवाय कळत नाही.

आता त्या बचत गटाच्या कागदाविषयी. त्यात नगामागे मजुरी लिहिली होती आणि खराब मालाचे नुकसान गटावर टाकले होते. शिवाय पाकिटावर उत्पादक म्हणून नाव गटाचेच. म्हणजे नफा व्यापाऱ्याचा आणि तक्रार आली तर आरोपी गट. यावर सही करू नका, असे मी त्यांना स्पष्ट सांगितले. कोंबडीचे पाय उन्हात वाळवले म्हणजे जंतू मेले, असे होत नाही. वाळवण्याआधी मांस आतपर्यंत ७४ अंश सेल्सिअसपर्यंत तापले पाहिजे. शिवाय आपल्याकडचा पावसाळा चार महिन्यांचा. घरात लहान मुले, माळ्यावर धान्य, आणि तिथेच कच्चे पाय टांगायचे, हे जमणारे नाही. माशी आणि उंदीर यांना आमंत्रण ते वेगळेच.

धंदाच करायचा तर आपल्या दोन्ही तालुक्यांत पिकणारी नाचणी आहे. नाचणीच्या पिठाची, मीठ-साखर न घातलेली, खरपूस भाजलेली बिस्किटे कुत्र्याला चालतात आणि मांसाच्या मानाने जोखीम खूपच कमी. हिमालयातली छुर्पी घ्या. दूध नासवून, दाबून, वाळवून दगडासारखे केलेले ते चीज नेपाळ, सिक्कीमचे लोक स्वतः चघळत. आज तेच कुत्र्याचे चघळणे म्हणून अमेरिकेत विकले जाते. तिथे माल गावचा आणि तो बनवण्याचे ज्ञानही गावचेच, म्हणून हा दाखला मला महत्त्वाचा वाटतो. अर्थात पिठाच्या मालालाही धोका आहेच. दमट धान्याला आणि शेंगदाण्याला बुरशी धरली की अफ्लाटॉक्सिन तयार होते, ते यकृत खाते. २०२० च्या अखेरीस अमेरिकेत मक्यातील या विषाने शंभराहून अधिक कुत्री मेल्याची नोंद झाली. भाजल्याने ते विष पूर्ण जात नाही. म्हणून काळपट, वास येणारे धान्य ‘कुत्र्याला चालेल’ म्हणून दळू नये. बेदाणे, चॉकलेट, कांदा-लसूण, आणि साखरेऐवजी वापरतात ते झायलिटॉल हे कुत्र्याला विषच.

कागदपत्रांचे म्हणाल तर उद्यम नोंदणी मोफत होते, एजंटाला पैसे देण्याचे कारण नाही. वैधमापन खात्याकडे पाकीटबंद करणारा म्हणून नोंद करावी लागते. पाकिटावर उत्पादकाचे नाव-पत्ता, निव्वळ वजन, उत्पादनाचा महिना व वर्ष, कमाल किंमत आणि तक्रारीसाठी फोन हवा. राज्यातल्या राज्यात माल विकणाऱ्या गटाला वर्षाला ४० लाखांच्या उलाढालीपर्यंत जीएसटीची नोंदणी लागत नाही, आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून राज्यातल्या राज्यात ऑनलाईन विक्रीलाही ही सवलत काही अटींवर मिळते. कोणत्या दिवशी कोणते पीठ वापरले, किती पाकिटे निघाली, कोणाला गेली, याची एक वही ठेवावी. कायदा मागत नसला तरी ठेवावी. तक्रार आली तर तीच वही गटाला वाचवील. कर्ज घेण्यापूर्वी एक महिना दहा-पंधरा पाकिटे ओळखीच्या बंगलेवाल्यांना विकून पाहावीत. परत मागायला आले तर पुढचे बोलावे.

ज्या भगिनी दुसऱ्याच्या कुत्र्याला खाऊ घालतात त्यांनी हात साबणाने धुतल्याशिवाय डबा उघडू नये आणि ओले हात पदराला पुसून घरच्या तान्ह्या मुलाला घेऊ नये. उरलेले पाकीट मालकिणीने ‘तुमच्या कुत्र्याला न्या’ म्हणून दिले, तर तारीख पाहून घ्यावे आणि मुलांच्या हाती लागणार नाही असे ठेवावे. बिस्किटासारखा वास येतो, पोरे तोंडात घालतात. पाकिटातला माल खराब निघाला तर पाकीट आणि बिल टाकून न देता राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवता येते. तिथे मराठीतही बोलता येते.