नावाचा शेवट वाचा

द्राक्षाच्या पेटीवर चिठ्ठी असते. आत कोणता माल आहे, ते तिच्यावर लिहिलेले असते. पण चिठ्ठी काय, कोणीही चिकटवील! म्हणून वणीच्या बाजारात आपण पेटी उघडून पाहतो, मगच पैसे देतो.

मोबाइलवर येणाऱ्या फाइलीचे नाव म्हणजे अशीच चिठ्ठी. फरक एवढाच, की इथे उघडून पाहण्यातच धोका आहे. म्हणून आधी नाव नीट वाचायचे.

नागराज मंजुळे यांचा 'सैराट' हा चित्रपट २९ एप्रिल २०१६ रोजी लागला. थोड्याच दिवसांत त्याची चोरटी प्रत मोबाइलवरून फिरू लागली. अशा चोरट्या फाइलींची नावे लांबलचक असतात. ती बहुधा इंग्रजी अक्षरांत असतात. आधी चित्रपटाचे नाव, मग साल. पुढे 'कॅम' लिहिले असेल, तर चित्रपटगृहात बसून चोरून टिपलेली प्रत. 'वेब' असेल, तर इंटरनेटवरच्या सेवेतून उचललेली. ७२० किंवा १०८० हा आकडा चित्राचा स्पष्टपणा सांगतो.

सगळ्यात महत्त्वाचा नावाचा शेवट. शेवटच्या टिंबापुढची अक्षरे पाहा. 'एमपीफोर' किंवा 'एमकेव्ही' असेल, तर ती चित्राची फाइल. 'एपीके' असेल, तर तो चित्रपट नव्हेच! ते अँड्रॉइड फोनमध्ये बसवायचे अ‍ॅप आहे. मग पुढे नाव कोणत्याही चित्रपटाचे असो.

असे अ‍ॅप आत शिरले, की आपले संदेश वाचू शकते. बँकेचा ओटीपीही त्यातच येतो. द्राक्षाचे, टोमॅटोचे आलेले पैसे घटकेत जाऊ शकतात.

आणखी दोन खुणा ध्यानात ठेवा. चित्रपट कधी 'इन्स्टॉल करा' म्हणत नाही. आणि अडीच तासांचा चित्रपट शेकडो एमबीचा असतो. पाच-दहा एमबीत तो मावत नाही.

कोणी म्हणेल, "शेवट बरोबर असला, मग तर पाहू ना?" आम्ही म्हणतो, तरीही नको. रात्रीतून आपला बाग कोणी तोडून नेला, तर आपल्याला कसे वाटेल? चित्रपट हेही कुणाच्या तरी घामाचे पीक आहे. कायदाही कडक आहे. २०२३ च्या दुरुस्तीप्रमाणे चित्रपटगृहात चोरून चित्रण करणाऱ्याला तीन महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. शिवाय तीन लाख रुपये किंवा त्याहून जास्त दंड.

चुकून असे अ‍ॅप बसवलेच, तर लाजू नका. आधी फोनचे इंटरनेट बंद करा. दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा. पैसे गेले असतील, तर लगेच १९३० या सरकारी क्रमांकावर तक्रार करा. जितकी घाई कराल, तितकी पैसे अडवण्याची आशा जास्त.

आज घरातल्या शाळकरी मुलाकडून 'एपीके' ही तीन इंग्रजी अक्षरे पाटीवर लिहून घ्या. ती ओळखायला शिका, आणि शेजाऱ्यालाही दाखवा.